अर्धवट विरघळलेला खडा

हे प्रकरण चिमीचं. शिह त्झू जातीची कुत्री, वय साडेसहा वर्षं, वजन ७.८ किलो, म्हणजे तिच्या बांध्याला किलोभर जास्तच. पिल्लं होऊ नयेत म्हणूनची शस्त्रक्रिया वयाच्या दुसऱ्या वर्षीच झालेली. घोडबंदर रोडला मानपाड्याच्या पुढे एका टॉवरमध्ये वरच्या मजल्यावर घर. घरात आजोबा, मुलगा, सून आणि सातवीतली नात. जूनच्या शेवटी, पाऊस नीट लागल्यावर, सूनबाई तिला ठाण्यातल्या माझ्या दवाखान्यात घेऊन आल्या. लघवीत रक्त, दिवसभर पुन्हा पुन्हा बसणं आणि दर वेळी जेमतेम दोन-चार थेंब.

प्रकरण सविस्तर लिहितेय, कारण यात मूत्राशयातला खडा विरघळवण्याचा उपचार निम्म्यावर अडला आणि तो का अडला हे शोधताना घरातल्या एका माणसावर विनाकारण आळ आला. हे मी बऱ्याच घरांत पाहते. खडा विरघळत नाही म्हटलं की पहिला प्रश्न निघतो, "हिला खायला कोणी काय दिलं?" माणसांना विचारून त्याचं उत्तर क्वचितच मिळतं. लघवीच्या आणि रक्ताच्या तपासणीत ते बऱ्यापैकी स्पष्ट वाचता येतं.

आधीचं वर्ष

गेल्या वर्षभरात हाच त्रास तीनदा झाला होता. पहिल्यांदा रक्त दिसलं तेव्हा घरच्यांना वाटलं, पाळी आली. अंडाशयं काढलेल्या मादीला पाळी येत नाही. तिच्या अंगाखाली रक्त दिसलं तर ते पाळीचं समजून सोडून देऊ नये, आधी लघवी तपासावी. मग दुसऱ्या एका ठिकाणी दर वेळी पाच दिवसांचं अँटिबायोटिक मिळालं. चौथ्या दिवशी चिमी उड्या मारायला लागायची आणि दीड-दोन महिन्यांत पुन्हा पहिले पाढे पंचावन्न. एक्स-रे एकदाही निघाला नव्हता, लघवीचं कल्चरही, म्हणजे तिच्यातले जिवाणू वाढवून ओळखण्याची तपासणी, झालं नव्हतं. मादी कुत्र्याला लघवीचा संसर्ग एकदा झाला तर औषध देऊन बघणं समजू शकतं. तोच त्रास परत आला तर मात्र पोटाचं चित्र काढल्याशिवाय पुढचं औषध लिहू नये, असं माझं ठाम मत आहे.

घरात आणखी एक उपचार चालू होता, तो दोन-तीनदा विचारल्यावर कळला. आजोबांना तरुणपणी मुतखडा झाला होता आणि हुलग्याचं कढण व पानफुटीची पानं घेऊन तो पडला, असा त्यांचा अनुभव. चिमीच्या लघवीत रक्त दिसल्यावर त्यांनी मायेपोटी तिलाही कढण द्यायला सुरुवात केली आणि गॅलरीतल्या कुंडीतलं पानफुटीचं पान बारीक करून खिचडीत मिसळू लागले. कढणाने नुकसान नव्हतं. पानफुटीने होऊ शकलं असतं. या वनस्पतीत हृदयाच्या ठोक्यांवर परिणाम करणारी द्रव्यं असतात. ऑस्ट्रेलियात ही आणि हिच्या जातभाई वनस्पती खाऊन गुरं दगावली आहेत, आणि कुत्र्या-मांजरांनाही ती विषारीच आहे. चिमीला मिळालेलं प्रमाण थोडं होतं, ठोके नियमित होते, ईसीजीही ठीक आला. आजोबांना मी एवढंच म्हटलं, "काका, तुमचा खडा मूत्रपिंडातला होता, हिचा मूत्राशयातला असावा. दोन्हींना आपण खडाच म्हणतो, पण जागा वेगळी, घडण्याचं कारण वेगळं आणि बरेचदा पदार्थही वेगळा." त्यांनी त्याच दिवशी कुंडी शेजारच्या बागेत नेऊन ठेवली.

तपासणीत काय सापडलं

पोटावरून हात फिरवताना मूत्राशयात टणक गोळा लागला. माणसांना आपली लघवी बाटलीत आणून देता येते. कुत्र्याची अशी जमिनीवरून गोळा केलेली लघवी कल्चरला निरुपयोगी असते, कारण तिच्यात त्वचेवरचे आणि फरशीवरचे जिवाणू मिसळतात. म्हणून सोनोग्राफीवर बघत बारीक सुईने थेट मूत्राशयातून नमुना घेतला. सुईचं नाव ऐकून घरचे घाबरतात, पण नीट धरलेल्या कुत्र्याला रक्त काढताना होतो त्याहून जास्त त्रास होत नाही.

लघवीचा पीएच ८, म्हणजे बराच अल्कधर्मी. विशिष्ट गुरुत्व, म्हणजे लघवी किती दाट आहे याचं माप, १.०३४. पू-पेशी आणि रक्तपेशी भरपूर, गोल जिवाणूंचे पुंजके, स्ट्रुव्हाइटचे स्फटिक. कल्चरमध्ये स्टॅफिलोकॉकस स्यूडइंटरमीडियस हा कुत्र्यांच्या त्वचेवर नेहमी सापडणारा जिवाणू वाढला. सुदैवाने तो अमॉक्सिसिलिन-क्लॅव्ह्युलॅनिक आम्ल या साध्या अँटिबायोटिकला दाद देणारा होता. एक्स-रेमध्ये मूत्राशयात २२ मिलिमीटरचा, गुळगुळीत कडांचा, अंडाकृती पांढरा खडा. मूत्रमार्ग शेवटपर्यंत चित्रात घेतला होता, तिथे काही नव्हतं. मूत्रपिंडं ठीक. रक्तात क्रिएटिनिन ०.९, युरिया नायट्रोजन १६, कॅल्शियम १०.२ मिलिग्रॅम, सगळं मर्यादेत. योनीभोवती त्वचेची जाड घडी होती, वजनामुळे ती आत दबलेली आणि ओलसर. पावसात ती भिजून येते तेव्हा ही जागा कोणी पुसत नव्हतं.

खडा हातात येण्याआधी तो कशाचा आहे याचा अंदाज बांधावा लागतो, कारण सगळा निर्णय त्यावर असतो. कुत्र्या-मांजरांत दोन प्रकार सगळ्यात जास्त भेटतात, स्ट्रुव्हाइट आणि कॅल्शियम ऑक्सलेट. स्ट्रुव्हाइट म्हणजे मॅग्नेशियम, अमोनियम आणि फॉस्फेट यांचा क्षार. तो औषधी आहाराने विरघळतो. ऑक्सलेट कशानेही विरघळत नाही, तो काढावाच लागतो. डालमेशियन जातीच्या कुत्र्यांत किंवा यकृताच्या रक्तवाहिनीत जन्मजात दोष असलेल्या पिल्लांत युरेटचे खडे होतात. ते साध्या एक्स-रेत बहुधा दिसतच नाहीत.

चिमीच्या बाबतीत पारडं स्ट्रुव्हाइटकडे झुकत होतं. मादी, अल्कधर्मी लघवी, मोठा गुळगुळीत खडा आणि मुख्य म्हणजे तो जिवाणू. लघवीत युरिया असतोच. या जिवाणूकडे युरिएज नावाचं विकर असतं, ते युरिया फोडून अमोनिया तयार करतं. अमोनियाने लघवी अल्कधर्मी होते, अशा लघवीत मॅग्नेशियम आणि फॉस्फेट विरघळलेले राहू शकत नाहीत आणि थरावर थर बसत जातात. कुत्र्यांमधले बहुतेक स्ट्रुव्हाइट खडे असेच संसर्गातून घडतात. मांजरांचं उलट आहे, त्यांच्यातले बहुतेक स्ट्रुव्हाइट खडे जिवाणूंशिवाय, दाट लघवीतून होतात आणि म्हणूनच विरघळतातही लवकर, बरेचदा दोन ते पाच आठवड्यांत.

या हिशेबात एकच गोष्ट विरुद्ध बाजूला होती, ती म्हणजे जात. शिह त्झू ऑक्सलेटसाठीही ओळखली जाते. एक्स-रेत खड्याच्या मधोमध थोडा जास्त पांढरा ठिपकाही होता. मी तो अहवालात लिहून ठेवला. पण मोठ्या स्ट्रुव्हाइट खड्यांतही असं दिसतं, आणि एवढ्यावरून पहिला निर्णय बदलण्यासारखं काही नव्हतं.

कापायचं की विरघळवायचं

घरच्यांना शस्त्रक्रिया हवी होती. शेजारच्या विंगमधल्या कुत्र्याची झाली होती, आठवड्यात मोकळा झाला होता. "मॅडम, एकदाचं काढून टाका, बाटलीत घालून दाखवा," असं मुलगा म्हणाला. ही इच्छा मला समजते. डोळ्यांसमोर दिसणारा खडा मनाला जेवढी शांती देतो तेवढी दोन-तीन महिन्यांची पथ्याची वही देत नाही.

तरी मी विरघळवण्याच्या बाजूने बोलले. पशुवैद्यकीय अंतर्गत औषधशास्त्राच्या तज्ज्ञांच्या अमेरिकी संस्थेने, एसीव्हीआयएमने, २०१६ मध्ये या विषयावर एकमताची भूमिका प्रसिद्ध केली आहे. तिचा गाभा असा, की खडा स्ट्रुव्हाइटचा असण्याची शक्यता दाट असेल आणि अडथळा नसेल, तर आधी विरघळवून पाहावं. मूत्राशय उघडणं ही मोठी शस्त्रक्रिया आहे, तिच्यात बारीक खडे आत राहून जातात, टाक्याच्या धाग्यावर नवा खडा धरू शकतो. शिवाय संसर्ग आणि त्याचं कारण तसंच राहिलं तर खडा परत येतोच.

चिमी मादी आहे, हा माझ्या निर्णयातला सगळ्यात वजनदार मुद्दा होता. मादीचा मूत्रमार्ग आखूड आणि रुंद असतो, विरघळून लहान झालेला खडा त्यात अडकण्याची भीती कमी. नर कुत्र्यात शिश्नाच्या हाडामागे मार्ग अरुंद होतो आणि तिथेच खडे अडकतात. नरात मी हाच मार्ग घेतला असता तर रोज लघवीची धार पाहण्याची अट घातली असती.

आणि ही तक्रार बोक्याची असती तर आधी आहाराचं बोलायला बसलेच नसते. बोका मातीच्या ट्रेमध्ये पुन्हा पुन्हा बसतोय, कण्हतोय, काहीच येत नाही, हे पाहून घरच्यांना वाटतं बद्धकोष्ठ झालं. मूत्रमार्ग पूर्ण बंद असेल तर रक्तातलं पोटॅशियम वाढत जातं, हृदयाचे ठोके मंदावतात आणि एक-दोन दिवसांत जीव जाऊ शकतो. तिथे सकाळची वाट पाहायची नाही. रात्री दोन वाजता का असेना, चालू असलेला दवाखाना गाठायचा.

चिमीला स्वादुपिंडाचा आजार कधी झाला नव्हता, हृदय ठीक होतं. हे विचारणं गरजेचं, कारण खडा विरघळवणाऱ्या खाद्यांत चरबी आणि मीठ जास्त असतं. कुटुंब तयार झालं. ठरलं ते असं: विरघळवणारं ओलं खाद्य, त्यात वरून कोमट पाणी, आणि त्याशिवाय तोंडात दुसरं काहीही नाही. चपातीचा तुकडा नाही, दही-भात नाही, पनीर नाही, चहात बुडवलेलं बिस्कीट नाही. कारण सांगितलं की माणसं पथ्य पाळतात, म्हणून कारणही सांगितलं. प्रथिनांतून युरिया बनतो आणि युरिया हाच या जिवाणूचा कच्चा माल. त्याचा पुरवठा तोडायचा, मॅग्नेशियम-फॉस्फेट कमी करायचं, लघवी पातळ आणि किंचित आम्लधर्मी करायची. सोबत अँटिबायोटिक. खडा थराथराने सुटत जातो तसे आत अडकलेले जिवाणू बाहेर पडतात, म्हणून विरघळेपर्यंत औषध चालू ठेवण्याची रीत आहे. अलीकडे कमी दिवसांच्या औषधाकडे कल झुकतोय. मी जुनी रीत पाळली, पण मधे मधे कल्चर करून.

नातीने वही केली. किती खाल्लं, किती पाणी, किती वेळा लघवी, रंग कसा. त्या मुलीच्या नोंदी मी कित्येक मोठ्यांच्या नोंदींपेक्षा नेटक्या पाहिल्या.

उकड गेली, सारण राहिलं

चार आठवड्यांनी सगळे आनंदात होते. रक्त थांबलेलं, पीएच ६.३, विशिष्ट गुरुत्व १.०१६, जिवाणू नाहीत. एक्स-रेत खडा २२ वरून १४ मिलिमीटरवर आलेला, कडा पुसट. स्ट्रुव्हाइट विरघळताना असाच दिसतो.

आठव्या आठवड्याची तपासणी गणपतीच्या लगेच नंतर होती. खडा ११ मिलिमीटर. आधीच्या महिन्यात आठ मिलिमीटर गेले होते, या महिन्यात तीनच. आकार आता अंडाकृती राहिला नव्हता, कडा खडबडीत आणि ठळक झाल्या होत्या. मी चित्र दाखवलं आणि सूनबाईंचा चेहरा उतरला. "बाबांनी मोदक दिला असणार," त्या म्हणाल्या. "आरतीच्या वेळी ती त्यांच्या मांडीवरच होती. मी लाख वेळा सांगितलं होतं." आजोबा शेजारच्या बाकावर बसले होते. म्हणाले, "नाही दिला गं. गणपतीशप्पथ नाही दिला." मुलगा मान खाली घालून बसला. त्या घरात ही चर्चा आधीही झाली होती हे उघड होतं. पानफुटीच्या प्रकारानंतर आजोबांच्या शब्दावर कोणाचा विश्वास राहिला नव्हता.

खडा विरघळायचा थांबला तर कारणं तीनच मोठी असतात. एक, आहार पाळला जात नाही. दोन, संसर्ग पुन्हा उठला आहे. तीन, उरलेला खडा त्या पदार्थाचा नाहीच. यांतलं कोणतं, हे तपासण्या सांगतात, म्हणून मी त्याच दिवशी नमुने घेतले.

कल्चरवर काहीच वाढलं नाही, म्हणजे दुसरं कारण बाद. लघवीचं विशिष्ट गुरुत्व १.०१४, पीएच ६.२. आणि रक्तातलं युरिया नायट्रोजन १६ वरून ६ वर आलेलं. हा शेवटचा आकडा माझ्यासाठी सगळ्यात बोलका होता. विरघळवणाऱ्या त्या खाद्यात प्रथिनं मोजकीच असतात, म्हणून ते इमानाने खाणाऱ्या कुत्र्याचा हा आकडा खाली येतो, आणि त्यातल्या मिठामुळे तहान वाढून लघवी पातळ होते. चोरून पनीर, चिकन, दूध चालू असतं तर हे आकडे इतके सरळ आलेच नसते. एखादा मोदक पोटात गेला असता तर तो या आकड्यांत दिसला नसता हे खरं, पण एका मोदकाने महिनाभराचं विरघळणं थांबतही नाही. मी हे सगळं सगळ्यांसमोर सांगितलं, मुद्दाम. सूनबाई उठून आजोबांच्या शेजारी जाऊन बसल्या.

उरलं तिसरं कारण. पहिलं चित्र आता पुन्हा समोर ठेवून त्यातला मधला पांढरा ठिपका पाहिला, तर त्याचा आकार उरलेल्या खड्याशी जुळत होता. बाहेरचा थर स्ट्रुव्हाइटचा होता, तो गेला. आतला गाभा वेगळ्या पदार्थाचा, तो राहिला. आजोबांनी ऐकलं आणि म्हणाले, "म्हणजे मोदकाची उकड गेली, सारण राहिलं." यापेक्षा नेमकं मला सांगता आलं नसतं.

आणखी दोन आठवडे थांबून पुन्हा चित्र काढलं. फरक शून्य. मग शस्त्रक्रिया ठरली.

शस्त्रक्रिया आणि खड्याचा अहवाल

नवरात्राच्या आधी चिमीचं मूत्राशय उघडलं. दोन महिन्यांपूर्वी हेच केलं असतं तर सुजलेल्या, रक्ताळलेल्या, संसर्ग भरलेल्या भिंतीला चीर द्यावी लागली असती. आता भिंत पातळ, गुलाबी, निरोगी होती आणि चीरही लहान पुरली. मूत्रमार्ग नळीने दोन्ही बाजूंनी धुतला. भिंतीचा बारीकसा तुकडा कल्चरला घेतला. आणि टाके घालून झाल्यावर, ती शुद्धीवर यायच्या आधी, पुन्हा एक्स-रे काढला. या शेवटच्या चित्राबद्दल मी आग्रही आहे. खडा काढल्याचं डोळ्यांनी दिसतं, पण एखादा दाणा मागे राहिला आहे का ते फक्त चित्र सांगतं. खडे काढल्यावर लगेच एक्स-रे निघाला का, हे प्रत्येक पालकाने विचारलंच पाहिजे, आणि कोणत्याही डॉक्टरने त्याचा राग मानू नये.

दुसऱ्या दिवशी ती घरी गेली. तीन-चार दिवस लघवी गुलाबीसर होती, तेवढी होतेच.

खडा विश्लेषणाला पाठवताना तो फॉर्मेलिनमध्ये टाकू नये, त्याने स्ट्रुव्हाइटचं रूप बदलतं आणि अहवाल चुकतो. कोरडा करून पाठवायचा. नुसता फोडून रसायन टाकून 'कॅल्शियम आहे, फॉस्फेट आहे' असं सांगणारी तपासणीही पुरत नाही, गाभा आणि थर वेगवेगळे तपासणारी हवी. अमेरिकेत मिनेसोटा विद्यापीठात कार्ल ऑस्बर्न यांनी १९८१ मध्ये याच कामासाठी केंद्र सुरू केलं आणि जगभरातून आलेल्या खड्यांमुळेच कोणत्या जातीत, कोणत्या वयात कोणता खडा होतो हे आज आपल्याला कळतं. माझा शिह त्झूबद्दलचा पहिल्या दिवसाचा संशयही शेवटी तिथल्यासारख्या नोंदींमधूनच आलेला.

अहवाल असा: गाभा पूर्णपणे कॅल्शियम ऑक्सलेट, त्यावर काही ठिकाणी स्ट्रुव्हाइटचे उरलेले पापुद्रे.

यावरून मागचं वर्ष उलटं वाचता आलं. ऑक्सलेटचा खडा आधी, कदाचित बराच काळ काही त्रास न देता, मूत्राशयात पडून होता. तो भिंतीला घासत राहिला, त्या दुखऱ्या भिंतीवर दबलेल्या घडीतले जिवाणू चढले, आणि जिवाणूंनी त्या तयार गाभ्यावर आपले थर रचले. पाच दिवसांच्या औषधाने लघवीतले जिवाणू मरत, थरांत दडलेले राहत. तीनही वेळा बरं वाटून पुन्हा का झालं, याचं उत्तर इथे आहे.

आजोबांनी सरळ विचारलं, "मग सुरुवातीलाच कापलं असतं तर?" प्रश्न रास्त होता. तिला दोन महिन्यांचं पथ्य आणि वर शस्त्रक्रिया, दोन्ही सोसावं लागलं, खर्चही दुहेरी झाला. माझं उत्तर असं, की पहिल्या दिवशी हाती असलेली पाचपैकी चार लक्षणं स्ट्रुव्हाइटची होती, आणि तसं असलेल्या बहुतेक माद्या शस्त्रक्रियेविना मोकळ्या होतात. उद्या अशीच दुसरी चिमी आली तर मी हाच मार्ग सांगेन, आणि चौथ्या-आठव्या आठवड्याचं चित्र तितक्याच काटेकोरपणे काढेन. विरघळवण्याचा उपचार चालू करून तीन-चार महिने तपासणीच न करणं, हे मला यात सगळ्यात धोक्याचं वाटतं.

आता सगळं पथ्य फिरलं

स्ट्रुव्हाइटचं खाद्य लघवी आम्लधर्मी करतं. ऑक्सलेटला तेच पोषक ठरू शकतं. म्हणजे ज्या खाद्यावर गेले दोन महिने सगळ्यांनी जीव लावून पहारा दिला, ते आता बंद करायचं. घरच्यांना हे पचवायला वेळ लागला आणि लागणारच. उरलेले डबे कोणाला तरी द्यावेत का, असंही विचारलं गेलं. नाही, दुसऱ्या कुत्र्याला तपासणीशिवाय तेही नको.

रक्तातलं आयनीकृत, म्हणजे मोकळं असलेलं कॅल्शियमही तपासलं, ठीक होतं. ते वाढलेलं असतं तर कॅल्शियमचं नियंत्रण करणाऱ्या पॅराथायरॉइड ग्रंथीत दोष आहे का ते शोधावं लागलं असतं. मग कारण म्हणून उरतं ते जातीचं अंगभूत वळण आणि दाट लघवी. जात बदलता येत नाही, लघवी पातळ करता येते. कुत्र्यात विशिष्ट गुरुत्व १.०२० च्या खाली ठेवायचं, मांजरात १.०३० च्या. कोरड्या दाण्यात पाणी दहा टक्क्यांच्या आसपास असतं, ओल्या खाद्यात पंचाहत्तरच्या पुढे. म्हणून ओलं खाद्य, वर पाणी, आणि घरात तीन ठिकाणी वाट्या.

चिमीला आठवड्यातून दोन-तीनदा पालक घातलेली मुगाची खिचडी मिळायची, पौष्टिक म्हणून. पालकात ऑक्सलेट भरपूर, तसंच अळूत, बीटात, रताळ्यात. पालकामुळेच खडा झाला असं मी म्हणणार नाही, तसं सिद्ध करता येत नाही. पण जिला ऑक्सलेटचा खडा झालाय तिच्या ताटात पालक कशाला? त्या जागी दुधी आणि लाल भोपळा आला. क जीवनसत्त्वाच्या गोळ्या आणि कॅल्शियमचं टॉनिक, जे कोणीतरी केस चांगले यावेत म्हणून सुचवलं होतं, तेही बंद. खाज सुटली म्हणून परस्पर स्टिरॉइड द्यायचं नाही, त्याने लघवीतून जाणारं कॅल्शियम वाढतं.

टँकरच्या पाण्याबद्दल मला घोडबंदरच्या प्रत्येक घरातून प्रश्न येतो. "मॅडम, पाणी जड आहे, त्यानेच होतं ना?" चिमीच्या बाबतीत तरी पाण्याला दोष देण्यासारखं काही सापडलं नाही. पाणी कमी प्यायलं जातं, ही चिंता करण्याची गोष्ट आहे.

आणि चिमी लघवी किती वेळ धरून ठेवते, ही दुसरी चिंता. ती घरात लघवी करत नाही, तशी सवय लहानपणीच लावलेली. पावसाळ्यात तिला सकाळी सातला आणि संध्याकाळी सातनंतर, एवढंच खाली नेलं जायचं. मधे बारा तास. त्यात सोसायटीने कुत्र्यांना मुख्य लिफ्ट बंद केलेली, सामानाची लिफ्ट बरेचदा बंद पडलेली, मग दुपारी आजोबांनी तिला कसं न्यायचं? भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाच्या २०१५ च्या मार्गदर्शक सूचना पाळीव कुत्र्यांना लिफ्ट बंद करता येत नाही असं सांगतात. मुलाने ते पत्र छापून सेक्रेटरींना दिलं. दिवाळीपर्यंत वाद मिटला. आता दुपारी एकला आणि रात्री साडेदहाला अशा दोन फेऱ्या वाढल्या आहेत, पाऊस असेल तेव्हा पोडियमखालच्या पार्किंगच्या कडेला. परत आल्यावर ती त्वचेची घडी मऊ कापडाने कोरडी करायची, आणि वजन सावकाश उतरवून ६.९ किलोवर आणलं आहे, त्याने घडीही बरीच उघडी पडली.

एप्रिलमधलं चित्र

ऑक्सलेट परत येण्याची सवय असलेला खडा आहे, म्हणून लक्षणांची वाट न पाहता ठरावीक काळाने एक्स-रे काढायचे. डिसेंबरचा स्वच्छ होता. एप्रिलच्या चित्रात मूत्राशयात दोन दाणे दिसले, दोन-अडीच मिलिमीटरचे. चिमीला काहीही त्रास नव्हता, लघवी स्वच्छ, कल्चर निर्जंतुक. सूनबाई म्हणाल्या, "परत कापायचं?"

नाही. एवढ्या लहान दाण्यांसाठी, मादीत, कापावं लागत नाही. थोडी भूल देऊन मूत्राशय निर्जंतुक सलाइनने भरायचं, कुत्र्याला पाठीचा कणा उभा राहील असं धरायचं, मूत्राशय हलकेच हलवून दाणे तोंडाशी आणायचे आणि मग एकसारखा दाब देऊन धारेबरोबर बाहेर काढायचे. दोन्ही दाणे दुसऱ्या धारेला गाळणीत आले. नंतरचं चित्र मोकळं. संध्याकाळी ती घरी जेवली.

विश्लेषणात पुन्हा ऑक्सलेट. लघवीचा पीएच ६ च्या आसपास रेंगाळत होता, म्हणून लघवीची आम्लता कमी करणारं पोटॅशियम सायट्रेट सुरू केलं आणि विशिष्ट गुरुत्व १.०२४ वर आलेलं दिसल्यामुळे खाद्यातलं पाणी वाढवलं. नातीच्या वहीत मार्चच्या परीक्षेच्या दिवसांत पाण्याचा रकाना रिकामा आहे, तेव्हा कोरड्या दाण्यावर भागवलं गेलं होतं. तो रकाना आता आजोबा भरतात. पुढचा एक्स-रे जुलैत, पाऊस लागल्यावर.